मी सांगितलेले मल्याळी सिनेमे

मला मल्याळम येत नाही. एवढं एक वाक्य लिहायला मला वीसेक वर्षं लागली.

नागपूरला शिकत होते तेव्हा वसतिगृहात एक मल्याळी मुलगी वर्षभर माझ्या खोलीत होती. तिच्याकडून मी दहा-बारा शब्द उचलले: पाणी, भात, मोठी बहीण, इकडे ये, तिकडे जा आणि दोन शिव्या. एवढ्या पुंजीवर मी लग्नानंतर रायपूरला, तात्यापाऱ्यातल्या आमच्या घरी, जवळजवळ वर्षभर दर रविवारी दुपारी सासूबाईंना मल्याळी सिनेमे समजावून सांगितले. कोण कोणाचा भाऊ, कोण कशापायी रडतं, कोण कुठे निघालं, सगळं. मी चारचौघांत तोंड न उघडणारी बाई. पण त्या दुपारी अशी काही सुटायचे की आज आठवलं तरी स्वयंपाकघरात एकटीच हसत उभी राहते. हसून झालं की गप्प होते. त्या गप्प होण्यापायीच हे लिहायला घेतलं आहे.

राज्य तेव्हा नुकतंच वेगळं झालं होतं आणि आमचं रायपूर राजधानी झालं होतं. जुन्या इस्पितळाच्या इमारतीत सचिव बसायला लागले. कालपर्यंत जिथे सलाइनच्या बाटल्या लटकत होत्या तिथे फायली लटकायला लागल्या. रोज पेपरात कुठल्या ना कुठल्या विभागाची भरती. माझ्याकडे हिंदी-इंग्रजी टायपिंगची सर्टिफिकेटं होती, कपाटात साड्यांखाली. मी ह्यांना विचारलं. हे रेल्वेत, गुढ़ियारीकडच्या मालधक्क्यावर. म्हणाले, "आईले विचारून सांगतो." दुसऱ्या दिवशी बुटाची नाडी बांधता बांधता मान वर न करता म्हणाले, "आई नाही म्हणते."

झालं. सासूबाईंना समोरासमोर विचारण्याची माझी छाती नव्हती. नवी सून, त्यात स्वभाव असा मुका. पण मी अर्ज मात्र भरला. सदर बाजारात ब्लाउजपीस बघायला जाते सांगून परीक्षाही देऊन आले. येताना ब्लाउजपीस आणायचं विसरले. "रंग जुळला नाही," म्हटलं. माझं पहिलं खोटं ते.

आता प्रश्न एकच होता. नाव यादीत लागलं तर सासूबाईंचं 'नाही' फिरवायचं कसं?

आमच्या वरच्या खोलीत एक मल्याळी नर्स भाड्याने राहत होती. एका खासगी दवाखान्यात कामाला. आम्ही सगळे तिला सिस्टर म्हणायचो, सासूबाई सोडून. सासूबाई तिला जिन्यावरून हाक मारायच्या, "ये पोट्टी, चहा घ्याले ये!" पोट्टी म्हणजे पोरगी, आमच्या वऱ्हाडात लाडाने म्हणतात. सिस्टर खाली यायची, चहा प्यायची, पण तोंड पाडून. पंधरा दिवसांनी तिने मला बाजूला घेऊन विचारलं, "दीदी, मैंने आंटी का क्या बिगाड़ा? रोज मेरे को पागल बुलाती है." तिच्या भाषेत पोट्टी म्हणजे अकलेने अर्धवट बाई. मी सासूबाईंना सांगितलं तर त्या हसून हसून ओट्याला टेकल्या. म्हणाल्या, "बिचारी! येडी म्हनून रोज बलावतो, अन् तरी रोज येते. गुनाची पोट्टी हाय."

तेव्हापासून दोघींचं जमलं ते जमलंच.

सिस्टरकडे सिनेमाच्या सीडींची पिशवी होती, गावाकडून कोणी ना कोणी पाठवायचं. तिच्याकडे टीव्ही नव्हता, आमच्याकडे सीडी लावायचं यंत्र होतं. ती सुट्टीच्या दिवशी खाली येऊन बघायची. गोष्टीत तिचं लक्ष नसायचंच. ती मागचं बघायची. हिरो हिरॉईनला काहीतरी फार महत्त्वाचं सांगतोय, आणि सिस्टर बोट दाखवते आहे, "आंटी, पीछे देखो, वो फणस का झाड़! ऐसा हमारे आंगन में है." एकदा नायकाने तोंड उघडलं तशी म्हणाली, "ये हमारे तरफ का नहीं, त्रिशूर का बोली है." सासूबाईंना ते लगेच पटलं. "मंग! आपलं निराळं, पुन्यावाल्यांचं निराळं. ते आपल्याले म्हनतात तुमची मराठी अशी काहून, तसंच हे."

मग सिस्टरला रविवारची ड्यूटी लागली. पण सासूबाईंना चटक लागली होती. पिशवी तिने आमच्याकडेच ठेवली. पहिल्या रविवारी पडद्यावर एक आई मुलाला ताट वाढते आणि काहीतरी बोलते. सासूबाईंनी विचारलं, "काय म्हनून राहिली वं ते?"

"जेव म्हणते, आई."

हे तर कोणालाही कळलं असतं. पण सासूबाई माझ्याकडे वळल्या. "तुले येते ही भाषा?"

मी म्हणायला हवं होतं, नाही. मी म्हटलं, "थोडी थोडी. वसतिगृहात शिकले."

थोडी थोडी! पुढच्या दहा मिनिटांत मी त्या मुलाला इंजिनिअर केला, त्याच्या बापाला दारू सोडायला लावली आणि शेजारणीशी पन्नास वर्षांचं भांडण मिटवलं.

खरं सांगू? ती माणसंच तशी होती. आपल्या हिंदी सिनेमात बर्फात नाचतात. मल्याळी हिरो लुंगी गुडघ्यापर्यंत दुमडून चहाच्या टपरीवर पेपर वाचणार, त्याला पोट सुटलेलं, चपलेचा अंगठा तुटलेला. सासूबाई पहिल्याच दिवशी म्हणाल्या, "हा हिरो हाय? हा तं आपला दूधवाला दिसून राहिला." आणि मग, थोड्या वेळाने, "पन डोये पाह्य त्याचे. खरा माणूस हाय." गाणं लागलं तरी कोणी नाचेना, नुसतं होडीतून जायचं. कौलारू घर, ओसरी, पांढऱ्या साडीला सोनेरी काठ, केळीच्या पानावर वाढलेली पंगत. पंगत आली की सासूबाई मला गप्प करायच्या. "थांब, आता नोको बोलू, मले मोजू दे." पानावरचे पदार्थ मोजून झाले की म्हणायच्या, "अकरा. अन् तिखट एकबी दिसत नाही. कशी जगतात ही माणसं?" पुढच्या आठवड्यात त्यांनी आमच्या वरणात ओला नारळ घातला. ह्यांनी एक घास घेतला, ताटाकडे बघितलं आणि विचारलं, "हे काय गोड झालं?" सासूबाई म्हणाल्या, "चूप बस. तिकडं हिरो खाते, तुले काय झालं?"

ह्या घरगुतीपणामुळेच माझं फावलं. तलवारी-घोड्यांचा सिनेमा असता तर मी काय सांगणार होते? पण स्वयंपाकघर होतं, सासू होती, सून होती. मी हळूहळू सुनांना नोकऱ्या लावायला लागले.

सूत्र सोपं होतं. पडद्यावर कोणतीही तरुण बाई बॅग घेऊन निघाली की ती ऑफिसात निघाली. कोणतीही म्हातारी दारात उभी राहिली की ती म्हणायची, जा बाई, घराचं मी पाहते. "पाह्यलं आई, सासूनेच डबा भरून दिला." सासूबाई प्रत्येक वाक्याला मान डोलावून म्हणायच्या, "कळलं." त्यांचं बाकी बोलणं पक्कं वऱ्हाडी, डोळ्याचा डोया करणारं. पण वडील मास्तर होते. कळणे, शिकणे, वाचणे हे शब्द त्यांनी लेकीकडून छडी घेऊन घोटून घेतले असावेत, कारण 'कळलं'मधला ळ मात्र जीभ पार टाळूला लावून, ठसठशीत. "कळलं. कळलं. मंग?"

भानगडी व्हायच्या. एका सिनेमात मी एका माणसाला दुबईला पाठवला. दहा मिनिटांनी तो अंगणात पांढऱ्या चादरीखाली आडवा, उशाशी दिवा.

"दुबईले गेला म्हने ना तू?"

"आला ना परत, आई."

"असा?"

"आजारी होता. तिकडचं पाणी मानवलं नाही."

"कळलं," म्हणून त्यांनी पदर डोळ्याला लावला.

सगळ्यात कहर झाला तो दुसऱ्या सीडीचा. सिनेमा दोन सीडींवर असायचा. एकदा सिस्टरने चुकून डब्यात दुसरी सीडी भलत्याच सिनेमाची ठेवली होती. पहिल्या सीडीत नायक मासे पकडणारा, मिशीवाला, गरीब. चहा करून मी दुसरी लावली, तर हा कोट घालून कोर्टात उभा, मिशी गायब, आणि माणूसच दुसरा! थांबवावी? पण थांबवली तर आधीचं सगळं सांगितलेलं कशाच्या जोरावर सांगितलं हे विचारतील. मी म्हटलं, "आई, वीस वर्षं गेली मधे. शिकला तो. वकील झाला."

"अन् नाक?"

"काय नाक?"

"त्याचं नाक बसकं होतं. हे धारदार हाय."

"अपघात झाला होता, आई. ऑपरेशन केलं."

सासूबाई बराच वेळ त्या नाकाकडे बघत राहिल्या. "कळलं," म्हणाल्या. "लय चांगले डॉक्टर हायेत वं तिकडं. म्हनून तिथल्या नर्सा इतक्या हुशार."

मी चुलीशी जाऊन, म्हणजे गॅसशी जाऊन, तोंडात पदर कोंबून हसले. लग्नानंतर त्या घरात मी पहिल्यांदा इतकी हसले असेन. त्या वर्षातली मी मला फार आवडते, हेही आज कबूल करून टाकते. कोणी भेटावं आणि बोलतच सुटावं तशी मी त्या पडद्यासमोर मला भेटत होते. आणि शेजारी बसलेली ती बाई, जिला मी फसवत होते, ती माझ्या मांडीवर हात ठेवून विचारत होती, मंग?

त्यांना सगळ्यात आवडलेला सिनेमा बसचा. शेवटी एक मुलगी पत्र्याची पेटी घेऊन लाल बसमध्ये चढते. आई खाली उभी. मुलगी खिडकीत रडते आहे. मी सांगितलं, सरकारी नोकरी लागली.

"नोकरी लागली तं रडते काहून?"

"आनंदाने, आई."

"इतकं?"

"पहिलीच नोकरी आहे ना."

"कळलं."

तो सिनेमा त्यांनी तीनदा लावायला सांगितला. मला वाटलं, जमलं. पीक तयार होतं आहे.

आणि यादीत नाव लागलं. टपाल आलं तेव्हा दारात सिस्टर होती. पंधरा दिवसांत कामावर हजर व्हा, असं पत्र. ते कुठे लपवावं म्हणून मी इकडेतिकडे बघायला लागले, तशी तिनेच ते माझ्या हातातून घेतलं आणि म्हणाली, "मेरे पास रखती हूं दीदी. आप आंटी को बोल दो." मी हो म्हटलं. एक दिवस गेला, दोन गेले. जीभ उचलेना. पाचव्या दिवशी रविवार होता. ठरवलं, आज दुपारी बसवाला सिनेमा लावायचा, आणि बस निघाली की सांगून टाकायचं.

सीडी लावली, आणि जिन्यावरून सिस्टर खाली उतरली. "आज ड्यूटी बदल गया!" फुलून आली होती. मुरमुऱ्यांचा वाडगा घेऊन ती सासूबाईंच्या पलीकडे मांडी घालून बसली. मधे सासूबाई, अलीकडे मी.

मी ओठ मिटून बसले. सासूबाईंनी कोपर मारलं. "सांग ना वं."

"आई, आज सिस्टर सांगतील."

"तिले पाहू दे तिचा फणस. तू सांग. तुह्यासारखं कोनाले येत नाही."

मी पुटपुटल्यासारखं म्हटलं, "ती आईला म्हणते, परीक्षा पास झाले."

"कळलं," सासूबाई म्हणाल्या, नेहमीसारखं खणखणीत.

सिस्टरचा मुरमुऱ्यांचा हात तोंडाशी थांबला.

"आई म्हणते, देवापुढे दिवा लाव."

"कळलं."

सिस्टरने मान वळवून आधी सासूबाईंकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी घसा खाकरून आणखी एक वाक्य टाकलं. "कळलं, कळलं!" म्हणाल्या सासूबाई, आणि सिस्टर फुटली. मुरमुरे चहूकडे उडाले. ती वाकून, पोट धरून हसत होती.

"काय झालं वं पोट्टी?"

"आंटी! आपको मलयालम आता है, कभी बताया नहीं!"

"मले? कुठचं!"

"फिर आप दीदी के हर बात पे क्या बोल रहे हैं? कळ्ळम्, कळ्ळम्! हमारे में कळ्ळम् मतलब झूठ. दीदी एक लाइन बोलती है, आप बोलते हैं झूठ. दीदी और बोलती है, आप बोलते हैं झूठ झूठ!"

वर्षभर. दर रविवारी. माझ्या प्रत्येक थापेला माझी सासू माझ्या शेजारी बसून, मास्तरांच्या ळ सकट, मल्याळममध्ये थाप म्हणत होती. दोघींनाही पत्ता नव्हता.

मलाही हसू आलं, कसं येणार नाही? आम्ही दोघी हसत होतो. सासूबाई हसत नव्हत्या. त्यांनी टीव्हीकडे बघितलं. पेटी, लाल बस, खिडकी.

"हे पोट्टी रडते काहून?" त्यांनी सिस्टरला विचारलं. "खरं सांगजो."

सिस्टरचं हसू उतरलं. "आंटी, वो दूर जा रही है. नौकरी के लिए. मां अकेली है. मां बोल रही है टाइम पे खाना खा लेना. और कुछ नहीं बोल रही." मग तिने खाली बघत मुरमुरे वेचायला घेतले. "हम लोग सब ऐसे ही आए हैं, आंटी. इसी टाइप बस में."

सासूबाईंनी तिच्या पाठीवर हात ठेवला, आणि माझ्याकडे वळल्या.

"म्हनजे नोकरी खरी होती. रडनं तू खोटं सांगितलं."

सिस्टर उठली, वर गेली आणि येऊन ते पत्र तिने सासूबाईंच्या मांडीवर ठेवलं. "आंटी, इसका भी नौकरी सच्चा है. दस दिन बचा है."

त्यांनी पत्र उलटसुलट केलं. मला म्हणाल्या, "हे होतं तं इतके सिनेमे काहून सांगितले? सरळ सांगाचं."

"तुम्ही नाही म्हणाल वाटलं."

"मी? मी कव्हा नाही म्हटलं? मले तं कोनं विचारलंच नाही."

मी त्यांच्याकडे बघत राहिले. त्यांच्या चेहऱ्यावर नुसतं आश्चर्य होतं, बाकी काही नव्हतं. त्याच क्षणी माझं लक्ष दाराकडे गेलं. हे रविवारच्या ड्यूटीवरून परतले होते. उंबऱ्यात एक बूट काढून हातात, दुसरा पायात, असे थबकले होते. सगळं ऐकलं होतं. आणि माझ्याकडे बघून त्यांनी मान हलवली. अगदी जराशी, नाही अशी.

त्यांनी आईला कधी विचारलंच नव्हतं. तिच्या तोंडचं 'नाही' ह्यांनीच बनवलं होतं, जशी मी पडद्यावरच्या बायकांच्या तोंडी वाक्यं घालत होते. मी निदान रविवारीच करत होते.

"तुले कोनं सांगितलं, मी नाही म्हनीन म्हनून?" सासूबाईंनी पुन्हा विचारलं.

आणि मी खाली वाकून मुरमुरे वेचता वेचता म्हटलं, "कोणी नाही, आई. मलाच वाटलं."

त्यांनी पत्राची नीट घडी केली. मग म्हणाल्या, "अशी वाटलो काय मी तुले?"

कामावर हजर व्हायच्या दिवशी त्या माझ्याबरोबर रिक्षाने आल्या. नवी साडी नेसून, डबा मांडीवर घेऊन. त्या जुन्या इस्पितळाच्या व्हरांड्यात चौकीदाराला म्हणाल्या, "भैया, हमारी बहू आज से यहां बैठेगी, ध्यान रखना." चौकीदार हसून "हव, माताजी," म्हणाला. टेबलावर धूळ होती, ती त्यांनी आपल्या रुमालाने पुसली. मी इतकी आनंदात होते की पहिल्या पत्रात तारखेच्या जागी स्वतःचं नाव टाइप केलं.

पुढे कितीक वर्षं आल्यागेल्याला त्या ही गोष्ट सांगत राहिल्या, नाकाच्या ऑपरेशनसकट, अभिनय करून. लोक लोळून हसायचे. आणि शेवटी एक वाक्य असायचंच: "पाह्य, वर्षभर माह्या सुनेले वाटलं, सासू नाही म्हनन. विचारलं असतं तं चाललं असतं ना?" हसतच म्हणायच्या. हे पण हसायचे. मी चहाचे कप गोळा करायला लागायचे.

ह्यांच्याशी मी एकदाच बोलले. "तुम्ही विचारलं नव्हतं?" तर म्हणाले, "मले वाटलं नाहीच म्हणेल." आणखी काही नाही. मी पुढे विचारलं नाही. मुलासमोर आईचं मन मोडायचं नाही, आईसमोर मुलाचं तोंड पाडायचं नाही, असं स्वतःला सांगत राहिले. खरं म्हणजे मला नोकरी मिळाली होती, आणि मिळालेलं हलवून बघायची भीती वाटत होती.

सासूबाई गेल्या वर्षीच्या आदल्या वर्षी गेल्या. सुनेने आपल्याला तसं समजलं, हे मनात ठेवून गेल्या. मी त्यांना तशी कधीच समजले नव्हते असं म्हणणंही खोटं होईल. समजले होते, दुसऱ्याच्या शब्दावर. पण शब्द कोणाचा होता हे त्यांना कळण्याचा हक्क होता, आणि तो मी दाबून ठेवला, एका वाक्यात, मुरमुरे वेचता वेचता.

हे आता निवृत्त झाले आहेत. सकाळी अंगणात चहा घेत पेपर वाचतात. हे कागद मी आज त्यांच्या कपाशेजारी ठेवणार आहे. छापायला द्यायचे की नाही, ते त्यांना विचारीन. नाही म्हणायचं असेल तर म्हणोत. फक्त या वेळी त्यांनी ते स्वतःच्या तोंडाने म्हणावं.